मामींचं शेत मी उडवलं

सासुरवाडीत माझी ख्याती आहे ती न बोलण्याची. लग्नाला बावीस वर्षं झाली. पिंपळगावात कुणालाही विचारा, जावई कसे आहेत म्हणून. 'देवमाणूस' असंच उत्तर येईल. भाजीत मीठ कमी पडलं तरी बोलत नाहीत, जास्त पडलं तरी बोलत नाहीत. या कीर्तीवर मी बावीस वर्षं पुरणपोळ्या खाल्ल्या. खरं म्हणजे त्यात गुण काही नव्हता. मला बोलायची भीती वाटते, एवढंच. भोकरदनला एका शाळेत कारकून आहे, तिथंही दिवसभर माझा संबंध रजिस्टरशी. भित्र्या माणसाला लोक सज्जन समजतात, आणि समजतात तर समजू द्यावं, असं माझं आजवरचं धोरण.

सासूबाईंना मी मामी म्हणतो. गुडघे गेल्यापासून मामींचं रानात जाणं बंद झालं. मेव्हणा म्हणाला, "आई, तू आता बाजेवर बस, आमी बघतो." मामी बसल्या, पण त्यांना बसणं येत नव्हतं. कुणीतरी त्यांच्या फोनमध्ये शेतीचा गेम टाकून दिला, आणि दीड वर्षात त्यांनी त्यात असं रान उभं केलं की शेजारणी बघायला यायच्या. गहू, मका, ऊस, अकरा गाई, कोंबड्यांचा खुराडा, दुधाचं चीज करायचा कारखाना. चीज म्हणजे काय ते मामींना ठाऊक नव्हतं, पण त्या ते ट्रकभर पाठवायच्या. सकाळी चहा झाला की चष्मा लावायचा आणि आधी कोंबड्या.

"ह्या रानाचं एक बरं हाये, पावणं," त्या मला सांगायच्या. "डुकरं येत न्हाईत आन् लाईट जात न्हाई."

गेम सारखा सांगायचा, जुनी जनावरं विका, नवी घ्या. मामींनी त्यांची पहिली गाय, एक काळी, कधीच विकली नाही. "लई दूध दिलं तिनं. बसून खाऊ द्या आता." अशा मायेपायी त्यांची चाल जरा हळू होती, तरी एक्केचाळिसाव्या लेव्हलपर्यंत पोचल्या होत्या.

मागच्या धोंड्याच्या महिन्यात आम्हाला जेवायचं बोलावणं आलं. या महिन्यात जावयाला नारायण मानतात. पाटावर बसवतात, ओवाळतात, तेहेतीस अनारसे वाण देतात. मी नारायणासारखाच गप्प बसलो होतो. बायकोला वाण देतानाचा फोटो आईच्याच फोनवर हवा होता, म्हणजे आईला मागाहून बघता येईल. तिनं फोन उचलला तर वर आलं, जागा शिल्लक नाही.

"तुम्हाला कळतं ना यातलं? करा काहीतरी जल्दी, निरांजन विझंल," असं म्हणून तिनं फोन माझ्या हातात दिला आणि निरांजनात तूप घालायला आत गेली.

मी बघितलं. सगळ्यात जास्त जागा त्या गेमनं धरली होती. तो कुणाचा आणि काय, हे मला चांगलं माहीत होतं. 'कळलं नाही, चुकून बोट लागलं' असं इथं लिहिता आलं असतं. पण लिहायलाच बसलोय तर खरं ते लिहितो. मनात आलं, म्हाताऱ्या माणसाचा टाइमपास, उद्या परत टाकून देऊ. काढून टाकायचं का, असं फोननं विचारलं. मी हो म्हटलं. फोटो छान आला.

चहाच्या वेळी मामींनी चष्मा लावला, आणि शेताचं चित्र जागेवर नव्हतं. त्यांनी फोन बंद करून चालू केला, दोनदा केला.

"कुणी हात लावला ह्याला?"

मेव्हण्याची बायको चहा देत होती. तिला मी वहिनी म्हणतो. ती म्हणाली, "आत्या, मी दुपारी माहेरी फोन लावला फकस्त. माझ्यातलं बॅलन्स संपल्तं."

"मंग तूच उडवला."

"न्हाई आत्या, बिलकुल न्हाई."

माझ्या हातात कप होता. मी चहावर फुंकर घातली. फुंकर घालण्यासारखा तो गरम नव्हता. मामींनी घरातल्या सगळ्यांकडं एकेकदा बघितलं, फक्त माझ्याकडं बघितलं नाही. जावयावर संशय घ्यायची रीत नाही. तेहेतीस अनारशांची पिशवी मांडीशी घेऊन बसलेल्या नारायणाला कोण विचारणार?

परत येताना मोटारसायकलवर मागून बायकोनं विचारलं, "तुम्ही तर न्हाई ना काही केलं?"

"मी कशाला?" मी म्हटलं. बावीस वर्षांत मी तिला दिलेल्या सगळ्या उत्तरांत हे सर्वांत चटकन दिलेलं.

पुढं तीन आठवडे बातम्या तिच्याकडूनच येत राहिल्या. मामी सुनेशी भांडल्या नाहीत. भांडल्या असत्या तर बरं झालं असतं. वहिनीनं चहा आणला की "ठेव तिथं." पोळी वाढली की "ऱ्हाऊ दे." फोन उशीखाली. आणि एकदा म्हणाल्या म्हणे, "तुला काय कळणार? तुझं हातपाय चालू हायेत."

हे ऐकलं त्या दिवशी मी शाळेत दोन दाखल्यांवर चुकीची नावं घातली.

मी मनाशी हिशेब केला तो असा: शेत परत आणलं तर वहिनीवरचा आळ आपोआप जाईल, आणि मला तोंड उघडावं लागणार नाही. बघा, त्यातही न बोलण्याचीच सोय. गेम पुन्हा टाकणं सोपं होतं. माझ्या फोनवर टाकून बघितला. दोन वाफे, चार कोंबड्या आणि टोपी घातलेलं एक बुजगावणं. ते म्हणालं, स्वागत आहे, नव्या शेतकऱ्या. जुनं शेत हवं असेल तर जुना आयडी लागणार. तो होता मामींच्या फोनमध्ये, आणि त्याचा पासवर्ड फोन विकणाऱ्या भोकरदनच्या मोबाईलवाल्याकडं.

रविवारी एकटाच पिंपळगावला गेलो. "फोन द्या मामी, दाखवून आणतो."

मामींचे डोळे भरून आले. स्वयंपाकघराकडं तोंड करून मोठ्यानं म्हणाल्या, "पोटच्या पोराला सुचलं न्हाई, घरातल्यांला सुचलं न्हाई. जावयाला सुचलं!"

आत भांडं जोरात ठेवल्याचा आवाज आला.

मोबाईलवाल्याचे आजोबा राजस्थानातून आलेले. आता त्याचं मराठी माझ्यापेक्षा इथलं आहे. त्यानं फोन बघितला, कान खाजवला.

"सर, खरं सांगू का? हा फोन घेतला तवा लग्नसराई होती. गिऱ्हाईक दुकानात मावंना. एकेकाचा आयडी कुठं काढत बसता? दुकानाचाच टाकून दिला, सगळ्यांला."

"सगळ्यांना म्हणजे?"

"पिंपळगाव, राजूर, इकडं भोकरदन. मोजलं कुणी? समजा सगळे एकाच सातबाऱ्यावर."

"मग शेत?"

"जो शेवटी खेळला त्याचंच शेत वर, कंपनीकडं, जपून ठेवतंय ते. मामींचं त्यांच्या फोनात व्हतं तवर बराबर चाललं. उडवलं की गेलं. कुणी हो उडवलं?"

मी पंख्याकडं बघितलं.

त्यानं आयडी टाकला, गोल फिरलं, आणि पडद्यावर एक शेत उघडलं. लेव्हल बहात्तर. बंगला, तळं, तळ्यात बदकं, कडेनं झुकझुक गाडी. ऊस डोक्याएवढा.

"घ्या," मोबाईलवाला म्हणाला. "तुमच्या सासूबाईला बढती. पण हात जपून लावा. ज्याचं हाये तो खेळतोय अजून. इथं विकलं की त्याच्याकडचं जाईल."

मला लाज वाटायला हवी होती. मला आनंद झाला. एक्केचाळीसच्या जागी बहात्तर! म्हातारं माणूस, बदकं बघून खूश होईल, विचारणार नाही. शेत उडवताना केला होता तोच विचार मी पुन्हा केला, आणि तेव्हा ते माझ्या लक्षातही आलं नाही.

पिंपळगावला परत येऊन फोन दिला, मामींनी चष्मा लावला. बोटानं हे टोक ते टोक फिरल्या. मी पाट ओढून बसलो. वहिनी चुलीपुढं भाकरी थापत होती, तिची पाठ आमच्याकडं.

"पावणं, हे कुणाचं रान?"

"तुमचंच, मामी. कंपनीनं वाढवून दिलं असेल."

"माझी काळी कुठाय?"

मी पाट जरा मागं सरकवला.

"आन् खुराडा विहिरीपाशी व्हता माझा. ह्यानं तळ्याकाठी केलाय. तळ्याकाठी कोंबड्या कोण ठेवतं?" मग त्यांनी बोट एकदम मागं घेतलं. "आवं, ह्याचा ऊस तोडणीला आलाय! कुणाचं तरी उभं पीक हाये हे. देऊन या परत. तो बिचारा कामाला गेल्ता असंल, येऊन बघंल तर काय म्हणंल?"

"मामी, तो गेम आहे."

"गेम असला म्हणून काय झालं? दुसऱ्याच्या रानात शिरायचं का?" आणि आवाज चढवून, चुलीकडं: "एकीनं उडवावं, आन् पाव्हण्यानं वणवण फिरावं."

वहिनी वळली नाही. "मी न्हाई उडवला, आत्या. किती डाव सांगू?"

तेव्हा मी म्हणालो, "मी उडवला."

कुणालाच ऐकू गेलं नाही. सवय नसलेला आवाज, घशातच राहिला. मामी म्हणाल्या, "काय म्हणले?" मग पुन्हा म्हणावं लागलं. पापाची कबुली एकदा देणं अवघड, मला तर दोनदा द्यावी लागली.

"गेम मी उडवला. धोंड्याच्या दिवशी. फोटोला जागा नव्हती. तुमचा आहे हे माहीत असून उडवला. चहाच्या वेळी वहिनींचं नाव आलं, तेव्हा मी समोर बसलो होतो."

मामींनी डोक्यावरचा पदर आणखी पुढं ओढला. त्यांना बोलायचं होतं आणि रीत आडवी येत होती, हे स्पष्ट दिसत होतं. तव्यावरून धूर यायला लागला.

"आगं, भाकर करपली," मामी म्हणाल्या. तीन आठवड्यांत सुनेला बोललेलं ते पहिलं साधं वाक्य. मग, खाली बघत: "मला ह्यांना इचारायचं सुचलंच न्हाई गं."

"जावयाला इचारतेत का कुठं?" वहिनी म्हणाली. भाकरी बाजूला टाकून ती माझ्याकडं वळली. "दाजी, गेम उडवला त्याचा राग न्हाई मला. तुम्ही चहा पीत व्हते, आन् मी बोलणी खात व्हते. तो कप मीच दिल्ता तुमच्या हातात."

याला मी काही उत्तर दिलं नाही. या खेपेला न बोलण्यात धोरण नव्हतं. उत्तर नव्हतंच. आजही नाही.

मामींनी चष्मा काढून पदरानं पुसला. मग म्हणाल्या, "जावयाला बोलायची रीत न्हाई. पण कामाला लावू नये असं कुठं लिव्हलंय?"

"न्हाई लिव्हलं," वहिनी म्हणाली.

"मंग ह्यांनी नवं रान करायचं. माझ्या नावावर, त्या दुकानदाराच्या न्हाई. कोरं रान मोडायचं वय न्हाई माझं. एक्केचाळीस लेवलपर्यंत आणून द्यायचं, मंग मी बघते." आणि सुनेकडं बोट करून, "ही मुकादम."

दुकानाचा आयडी मामींच्या फोनमधून काढून टाकला. त्यांच्या नावाचा नवा काढला. पासवर्ड वहिनीनं ठेवला, तेच शेत माझ्या फोनवर उघडायला मला तो विचारून घ्यावा लागला. आणि सत्तेचाळिसाव्या वर्षी मी सालगडी झालो.

बायकोला घरी जाऊन सांगितलं. ती चार दिवस माझ्याशी माझ्याच पद्धतीनं वागली, म्हणजे बोललीच नाही. किती कठीण असतं ते, हे मला तेव्हा समजलं. पाचव्या दिवशी म्हणाली, "गेमचं सोडा. मला 'मी कशाला' म्हणले ना?" मी हो म्हटलं. "परत म्हणू नका." आणि मग हसू दाबत, "जा, कोंबड्या उपाशी असतील."

आता मी सव्विसाव्या लेव्हलवर आहे. वहिनीचा फोन शाळेच्या वेळेतच येतो, ते ती मुद्दाम करते.

"दाजी, मका वाळून राह्यला."

"वहिनी, मुख्याध्यापक समोर बसलेत."

"मंग त्यांलाबी घ्या तोडायला. एकट्याचं काम न्हाई ते."

गेल्या रविवारी पिंपळगावला गेलो. मी येताना दिसलो की या घरात नेहमी धावपळ व्हायची. एकीनं सतरंजी टाकायची, दुसरीनं तांब्या आणायचा. त्या दिवशी दोघी बाजेवर शेजारी बसल्या होत्या, एका चष्म्यातून दोघींनी बघावं इतक्या जवळ, आणि माझ्या शेतातल्या चुका काढत होत्या.

"असं पेरतेत का? अर्धं रान पडीक."

"आत्या, शाळेतली माणसं ती. त्यांला ओळीत बसायचं ठाऊक, पेरायचं न्हाई."

मी चपला काढल्या, उभा राहिलो. कुणी उठलं नाही. पाटही आला नाही, पाणीही आलं नाही. थोडा वेळ वाट बघून मी आत गेलो, माठ कुठं आहे ते शोधलं आणि ग्लास भरला.

"दाजी," वहिनी बाहेरून म्हणाली, फोनवरची नजर न काढता, "उठलेच हायेत तर आमालाबी आणा."