एकदाच पडेल असं शिवा

१२ नोव्हेंबर. हातात एक राखाडी गाऊन होता. अंगाला चिकटून बसणारा, बिनबाह्यांचा. त्याला आतून कमरेला आणि पाठीला पॅड शिवायचे होते, तेही बाहेरून दिसणार नाहीत असे.

दुबईच्या इंटरनॅशनल सिटीत माझं ऑल्टरेशनचं दुकान आहे. शाळेचे युनिफॉर्म, ऑफिसच्या पँटी, बस. हा गाऊन घेऊन आली ती आमच्याच बिल्डिंगमधल्या रत्नागिरीच्या भाभींची मुलगी. हल्ली ती अमेरिकेत असते. तेव्हा इथेच आईजवळ राहायची, तिशी ओलांडलेली होती, आणि ती नेमकं काय करते ते मला त्या दुपारी कळलं.

असाच दुसरा गाऊन हॉलिवूडची एक नटी घालणार होती. ती कड्यावर उभी राहून बोलणार, आणि तिथून पडणार मात्र ही. उद्या सकाळी, रास अल खैमाच्या डोंगरात.

मी टाचण्या लावत विचारत गेले. पडायचं म्हणजे काय करायचं? ती म्हणाली, हात पुढे टाकायचे नाहीत, मनगट जातं. हनुवटी छातीला, श्वास बाहेर, आणि टेकवायचं ते मांस, हाड नाही. मग सगळ्यात अवघड काय? तर चेहरा लपवणं. पडताना तोंड कॅमेऱ्याकडे वळलं की शॉट बाद. शाळेत जिम्नॅस्टिक्स केलेलं, मग काही वर्षं पाण्यावरच्या एका शोमध्ये उंचावरून उड्या मारायची, तिथे फिल्मवाल्यांनी हेरलं. तेव्हापासून दुसऱ्यांच्या चेहऱ्यांवर हिचं पोट चालतं. पण गुडघे किती वर्षं साथ देणार? म्हणून तिला आता स्टंट बसवायला शिकायचं होतं. उद्याचं नीट झालं तर अमेरिकेतली टीम तिला सोबत नेणार होती.

मी विचारलं, घरी माहीत आहे ना?

"अम्मीला माहीत आहे मी डबल करते," ती म्हणाली.

ते तर अख्ख्या बिल्डिंगला माहीत होतं. पोरगी डबल करते, दमून येते, असं भाभी लिफ्टमध्ये भेटेल त्याला सांगायच्या. सिनेमात डबल म्हणजे नटीच्या जागी पडणारी; इथे डबल म्हणजे डबल ड्यूटी, लागोपाठ दोन शिफ्ट. पहिलं काम मिळालं तेव्हा हिने फोनवर "आय ॲम अ डबल" एवढंच सांगितलं होतं. भाभींनी आपल्या परीने अर्थ लावला, कुठल्याशा गोदामात डबल ड्यूटी, आणि हिने तो तसाच राहू दिला. अंगावरचे काळे-निळे डाग गोदामातल्या खोक्यांच्या नावावर गेले.

"सांगून टाक की."

"नको म्हणाली तर मी जाणार नाही, आंटी. अम्मीचा शब्द मला मोडता येत नाही. म्हणूनच सांगत नाही."

तेवढ्यात भाभीच आल्या, फॉल लावायला दिलेली साडी न्यायला. लेक समोर गाऊनमध्ये उभी, कमरेला टाचलेले पॅड, कोपरं निळी.

"हे कसलं, वहिनी?"

मी म्हटलं, तिलाच विचारा. ही एरवी आईला इंग्रजीत उत्तरं द्यायची. आज सगळं मराठीत सांगितलं, कड्यासकट. भाभी स्टुलावर बसल्या.

"म्हणजे ती पडायची, तिथे तू पडतेस."

"हो."

"ती कुणाची तरी पोर, आणि तू कुणाचीच नाहीस काय?"

"तिला पडता येत नाही, अम्मी. मला येतं."

मी उरलेल्या टाचण्या डबीत भरल्या. मग भाभींनी टेबलावरचा एक पॅड उचलून चिमटीत दाबून पाहिला.

"हा पातळ आहे."

मी म्हटलं, जाड लावला तर दिसेल.

"दिसू दे."

"दिसला तर शॉट बाद, भाभी. मग तिला परत पडावं लागेल."

त्यांनी पॅड खाली ठेवला. साडी पिशवीत घातली आणि उठल्या.

"मग एकदाच पडेल असं शिवा," त्या मला म्हणाल्या. लेकीला म्हणाल्या, सकाळी उपाशी जाऊ नको.

मुलगी मटकन खाली बसली. पडण्यात मुरलेली बाई, पण या वेळी श्वास सोडायला विसरली असावी. टाचण्या टोचल्या.

दुसऱ्या दिवशी गाडी उजाडताच तिला घेऊन गेली. मी दुकान उघडायला आले तर भाभी शटरपाशी उभ्या. आत घेतलं, शटर अर्धं ओढलं. उरलेला फोम आणि दोन रजया मी जमिनीवर अंथरल्या. रात्रीपासून एकच गोष्ट डोक्यात घोळत होती: हात पुढे न टाकता खरंच पडता येतं का? हनुवटी छातीला लावली, श्वास सोडला आणि कुशीवर पडले. हात आपोआप पुढे आले.

"परत," भाभी स्टुलावरून म्हणाल्या.

परत तेच.

"पोरीचे हात आत राहतात?"

"राहतात."

त्यांनी मान डोलावली आणि रजयांच्या घड्या घालायला घेतल्या. मी मनगटाला बाम चोळला आणि शटर पूर्ण वर केलं.