नोल्फाने न दिलेली ओ

नोल्फा कारास्कोचं आणि माझं घर तोमे गावाच्या चढावर एकमेकांना टेकून उभं होतं. एकीनं पाव भाजला की दुसरीला घरात बसून कळायचं. बत्तीस वर्षं आम्ही शेजारी होतो. मी शाळेत शिकवायचे म्हणून ती मला शेवटपर्यंत 'बाई'च म्हणाली.

ती लोकरीच्या गिरणीत, रफूच्या खात्यात होती. मागावरून कापड उतरलं की त्यात कुठं धागा तुटलेला असायचा, कुठं गाठ आलेली असायची. या बायका ते कापड खिडकीशी तिरक्या फळीवर पसरायच्या, बोटांनी चाचपत दोष हुडकायच्या आणि सुईनं असा धागा भरायच्या की विणणाऱ्यालाही तो ओळखू येऊ नये. नोल्फा त्यात सगळ्यांत पटाईत होती. फक्त लोकरीची कुसं तिच्या नाकाला सोसायची नाहीत. तिला शिंका यायच्या, आणि आल्या की लागोपाठ तीन. रंगखात्यातला एरास्मो वियाब्लांका कापडाची गाडी ढकलत तिथून जायचा, तो मुद्दाम थांबून मोजायचा.

"तीन झाल्या. चौथी घरी ठेवून आलीस का गं?"

"तुझ्या डोक्यात घालायला ठेवलीय," नोल्फा म्हणायची. सगळं खातं हसायचं.

एरास्मो युनियनचा माणूस होता. पत्रकं छापायचं हातयंत्र त्याच्या ताब्यात असायचं. नोल्फा बायकांची प्रतिनिधी होती. त्र्याहत्तरच्या सप्टेंबरात लष्करानं सरकार उलथवलं, आणि ऑक्टोबरात दोन सैनिक रफूच्या खात्यात आले. नोल्फा तेव्हा चोवीस वर्षांची होती. कॉलरला सुई टोचलेली तशीच तिला घेऊन गेले.

अकरा दिवसांनी ती परत आली. कुठं होतीस, काय झालं, कुणी विचारलं नाही आणि तिनं सांगितलं नाही. त्या दिवसांत न विचारणं हीच माया होती. गिरणीनं तिला तेव्हा परत घेतलं नाही, आणि घेतलं असतं तरी उपयोग नव्हता. तिचे हात इतके थरथरायचे की सुईत दोरा जात नसे. दोन वर्षं तिनं लोकांच्या चादरी धुतल्या. मग हात हळूहळू ठिकाणावर आले, आणि तिला पुन्हा कामावर घेतलं. ओस्वाल्दोशी लग्न झालं. तो होड्यांची इंजिनं दुरुस्त करायचा. माणूस शांत होता, खोदून विचारणाऱ्यातला नव्हता. मूल झालं नाही. मी शेजारी राहायला आले तेव्हा मला दिसली ती एक नीटनेटकी, कमी बोलणारी, पावात चरबी जरा जास्त घालणारी बाई.

मला पहिल्यांदा काही कळलं ते फार उशिरा. ओस्वाल्दो जाऊन तीन वर्षं झाली होती. तिच्या छातीत दुखू लागलं म्हणून मी तिला दवाखान्यात नेलं. नर्सनं तिला खाटेवर झोपवलं, ब्लाउज उघडायला सांगितलं आणि हृदयाचा आलेख काढायच्या वायरी हातात घेतल्या. नोल्फा उठली. अनवाणी बाहेर पडली आणि भर रस्त्यानं चालू लागली. मी तिचे बूट आणि कोट घेऊन मागं धावले. बाजारापाशी तिला गाठलं.

"बाई, वायरी नकोत," ती म्हणाली. "बाकी काय ते करा म्हणावं."

त्या दिवशी माझ्या स्वयंपाकघरात बसून तिनं मला सांगितलं. लोखंडी पलंग, ओलं फडकं, वायरी. डोळ्यांवरची पट्टी अकरा दिवसांत एकदाही निघाली नव्हती. ती हे सगळं असं सांगत होती की जणू दुसऱ्याच कुणाबद्दल ऐकलेलं सांगतेय. मला वाटलं, हे सगळंच आहे. ते अर्धं होतं.

उरलेलं अर्धं सुनिल्दाशी बांधलेलं होतं.

सुनिल्दा वियाब्लांका ही एरास्मोची धाकटी बहीण. बाजारात शिंपल्या आणि वाळवलेलं समुद्रशेवाळ विकायची. नोल्फाला नेल्यावर सहाव्या दिवशी एरास्मोलाही घरातून नेलं होतं, आणि तो परत आलाच नाही. चौकीवर सांगितलं, अशा नावाचा माणूस आम्ही कधी पकडलाच नाही. मागून अफवा सोडून दिली की तो कुठल्याशा बाईबरोबर डोंगर ओलांडून अर्जेंटिनात पळाला. त्याची आई हे टोमणे ऐकत ऐकत गेली. सुनिल्दा मात्र दरवर्षी, ज्यांना ज्यांना त्या महिन्यात पकडलं होतं त्यांची दारं ठोठावायची. नोल्फाच्या दारात मी तिला कितीदा पाहिलं.

"नोल्फा, तू तिथं होतीस."

"डोळ्यांवर पट्टी होती गं."

"मी डोळ्यांचं विचारत नाहीये. काही ऐकलंस का?"

"नाही."

नोल्फा तिला पाणी द्यायची. ती पाणी पिऊन जायची. पुढच्या वर्षी परत यायची.

दोन हजार चार साली सरकारनं आयोग नेमला. ज्यांचा छळ झाला त्यांनी येऊन सांगावं, नोंद होईल, असं जाहीर झालं. गावात कुजबुज सुरू झाली. कोण जाणार, कोण नाही. एका सकाळी नोल्फा माझ्या दारात उभी, अंगात चर्चला घालायचा कोट.

"बाई, आज कॉन्सेप्सियोनला येता का माझ्याबरोबर?"

त्या शहरातल्या आयोगाच्या कार्यालयात मारिसोल नावाची एक मुलगी नोंदी घेत होती. जेमतेम तीस वर्षांची असेल. नोल्फानं मला हात धरून आत बसवून घेतलं. मारिसोल तिला 'मावशी' म्हणत होती आणि घाई अजिबात करत नव्हती. नोल्फानं पलंगाचं सांगितलं, फडक्याचं सांगितलं. मग थांबली. मारिसोलनं लेखणी खाली ठेवली.

"मावशी, पुढचं नाही सांगितलं तरी चालेल."

"नाही. त्यासाठीच आलेय," नोल्फा म्हणाली.

सैनिकांना छपाईचं यंत्र कुणाकडे आहे ते हवं होतं. तिनं पाच दिवस सांगितलं नाही. सहाव्या दिवशी सांगितलं. "एरास्मो वियाब्लांका. पूर्ण नाव सांगितलं मी. त्यांनी पत्ता विचारला, तोही सांगितला." दोन दिवसांनी शेजारच्या खोलीत कुणाला तरी आणून टाकल्याचा आवाज आला. तिच्या अंगावर टाकलेलं घोंगडं लोकरीचं होतं. तिला शिंका आल्या. तीन.

आणि भिंतीपलीकडून आवाज आला, फाटलेला, पण त्याचाच. "तीन झाल्या. नोल्फा, तू आहेस ना गं?"

"मी ओ दिली नाही," नोल्फा म्हणाली. "त्यानं दुसऱ्या दिवशी परत हाक मारली. म्हणाला, नोल्फा, काहीतरी बोल, म्हणजे मला कळेल की मी जागा आहे. मी तोंडात घोंगडं कोंबलं. त्याला माझ्याशी बोलायचं होतं आणि मी त्याला तिथं आणलं होतं. तिसऱ्या दिवशी हाक आली नाही."

मारिसोलनं सगळं लिहून घेतलं. तिचेही डोळे भरले होते. निघताना ती नोल्फाला धीर द्यायला म्हणाली, "मावशी, काळजी करू नका. इथं सांगितलेलं बाहेर जात नाही. सगळं गुप्त राहतं."

परतीच्या बसमध्ये नोल्फा खिडकीतून खाडीकडे बघत होती. मला वाटलं, तिचं मन हलकं झालं असेल. लिर्केन गाव मागं पडलं तशी ती म्हणाली, "बाई, मी चुकीच्या माणसाला सांगितलं."

"म्हणजे?"

"ती पोरगी चांगली आहे. पण तिला कुठं कुणाला शोधायचंय?"

बसमधून उतरल्यावर ती घराकडे वळलीच नाही. तडक बाजारात गेली. सुनिल्दा टोपल्या आवरत होती. नोल्फा तिच्यासमोर उभी राहिली आणि तिथंच, शिंपल्यांच्या ओल्या फरशीवर, जे मारिसोलला सांगितलं तेच सगळं सांगितलं. नाव मी दिलं, इथून सुरुवात केली. मी चार पावलं मागं उभी होते. कुठं बघावं मला कळेना.

 ऐकून झाल्यावर सुनिल्दानं विचारलं, "आवाज कसा होता त्याचा? रडत होता?"

"नाही. चिडवत होता. पण दम लागत होता."

"आणि तू ओ दिली नाहीस."

"नाही."

"दोन्ही वेळा?"

"दोन्ही वेळा."

सुनिल्दानं टोपलीवर फडकं झाकलं. "एकतीस वर्षं मी तुझ्या घरचं पाणी प्यायले," ती म्हणाली. "जा आता."

पुढचे आठ महिने ती नोल्फाशी बोलली नाही. रस्त्यात दिसली की पलीकडून जायची. बाजारातल्या एकदोघींनीही नोल्फाला मासे द्यायचं बंद केलं. एकीनं तर तोंडावर म्हटलं, "आता कुणाचं नाव सांगायला आलीस?" नोल्फानं घरी येऊन मला ते शब्द जसेच्या तसे सांगितले. त्यावर ती रडली नाही, की स्वतःची बाजूही मांडली नाही. मीच म्हणाले, "अगं, पाच दिवस तू सोसलंस, ते कुणी धरत नाही का?"

"पाच दिवस मीही धरत नाही, बाई. एरास्मोला त्यांचा काय उपयोग झाला?"

दुसऱ्या दिवसापासून मी मासे दोघींपुरते आणू लागले. 

पण सुनिल्दा स्वस्थ बसलेली नव्हती. तिनं वकील गाठला, बंद पडलेली फाइल उघडायला लावली आणि साक्षीदार म्हणून नोल्फाचं नाव दिलं. न्यायाधीशांची नोटीस आली. त्यात लिहिलं होतं की संशयिताबरोबर समोरासमोर बसवून जबाब घेतला जाईल. मी म्हणाले, तब्येतीचं कारण सांग, सुटशील. तिनं कोट काढून झटकला आणि दोरीवर उन्हात टाकला.

तो संशयित म्हणजे तेव्हा त्या कोठडीवर नेमलेला शिपाई, आता सत्तरीचा होता. कानात यंत्र, हातात काठी, सोबत मुलगी. शेजारच्याच गावात राहायचा आणि दर रविवारी चर्चला जायचा. न्यायाधीशांच्या खोलीत दोघांना एका टेबलाच्या दोन बाजूंना बसवलं. आम्हाला आत सोडलं नाही. बाहेरच्या बाकावर एका टोकाला मी, दुसऱ्या टोकाला सुनिल्दा. आत काय झालं ते नोल्फानं नंतर सांगितलं आणि सुनिल्दाच्या वकिलानं जबाबाची प्रत वाचून दाखवली, म्हणून मला माहीत आहे.

त्याच्या वकिलानं आधी नोल्फाला धरलं. "तुम्ही काही पाहिलं नाही. मग एकतीस वर्षांपूर्वीचा आवाज एरास्मोचाच होता हे कशावरून?"

"त्यानं माझ्या शिंका मोजल्या."

"शिंका तुम्हाला आठवतात?"

"माझ्याच होत्या, साहेब."

मग त्या माणसाची पाळी आली. आपण कुणाला हात लावला नाही, फक्त दारावर पहारा केला, हे त्याला पटवून द्यायचं होतं. आपण किती भला हे सांगण्याच्या भरात तो म्हणाला, "ही शिंकणारी बाई मला आठवते ना. मीच तिला पाणी पाजलं होतं. विचारा तिला." त्याचा वकील त्याच्या बाहीला ओढायला लागला, पण कानातल्या यंत्रामुळं असेल, त्याला काही कळलं नाही. न्यायाधीशांनी शांतपणे विचारलं, "आणि शेजारच्या खोलीतला?"

"तो तीन दिवस होता. शनिवारी नेला. चालत नाही, उचलून. कुठं ते मला ठाऊक नाही. मी दारावर होतो."

नोल्फानं त्याच्याकडे बघितलं. पाणी खरंच पाजलं होतं. तेही तिनं जबाबात लिहायला सांगितलं.

बाहेर येऊन तिनं सुनिल्दाला फक्त तेवढंच सांगितलं, "तीन दिवस होता. शनिवारी नेला. उचलून." सुनिल्दानं दोन्ही हातांनी बाक घट्ट धरला. 'पकडलाच नाही' असं जे एकतीस वर्षं सांगत आले होते, ते त्यांच्यातल्याच एकाच्या तोंडून खोटं ठरलं होतं. बसमध्ये ती आमच्या मागच्या बाकावर बसली. तोमे आलं तेव्हा उठली आणि नोल्फाच्या कानाशी वाकून म्हणाली, "माफी माझ्याकडे मागू नकोस. ती त्याची होती, त्याच्याबरोबर गेली. पण तेवीस तारखेला घरी ये."

तेवीस ऑक्टोबर हा एरास्मोला नेल्याचा दिवस. नोल्फा गेली. काय बोलणं झालं मी विचारलं नाही, तिनंच सांगितलं. सुनिल्दानं चहा केला, पाव ठेवला आणि म्हणाली, "तो कसा म्हणाला ते म्हणून दाखव." नोल्फानं म्हणून दाखवलं. शब्द, मधला दम, शेवटचा 'गं' जसा वर जायचा तसा. सुनिल्दानं डोळे मिटून ऐकलं आणि तिला दारापर्यंत पोचवलं. त्यानंतर दरवर्षी त्या तारखेला नोल्फा तिच्याकडे जायची. आल्यावर दोन दिवस अंथरुणात पडून असायची. मी एकदा म्हणाले, नको जाऊस. ती म्हणाली, "बाई, तिला भावाचा आवाज दुसरा कोण ऐकवणार?"

निकाल लागायला चार वर्षं गेली. एरास्मो वियाब्लांकाला पकडलं होतं, कोंडलं होतं आणि तो तिथून जिवंत बाहेर आला नाही, असं त्यात लिहिलं आहे. त्या माणसाला शिक्षा झाली, वयाकडे बघून ती त्याला घरीच भोगू दिली. एरास्मोचं शरीर मिळालं नाही.

नोल्फा दोन हजार बाराच्या हिवाळ्यात फुप्फुसाच्या आजारानं गेली, झोपेत. अंत्यविधीला गिरणीतल्या म्हाताऱ्या बायका आल्या होत्या, एकेकाळी मासे न देणाऱ्याही. सुनिल्दा चर्चमध्ये सगळ्यांत मागं उभी राहिली. कबरीपाशी आली नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती माझ्या दारात आली. टोपली डोक्यावरून उतरवली, पण बसली नाही.

"बाई, तिनं तुम्हाला कधी म्हणून दाखवलं होतं? एरास्मोच्या आवाजात?"

मी आठवून पाहिलं. शब्द मला पाठ होते. कितीदा ऐकले होते मी ते, मारिसोलपुढं, बाजारात, माझ्या स्वयंपाकघरात. पण प्रत्येक वेळी नोल्फाच्याच आवाजात.

"नाही," मी म्हणाले. "तसं कधी नाही."

 मी तिला चहा विचारला. ती नको म्हणाली, टोपली उचलली आणि उतारावरून बाजाराकडे गेली.