मी वितळवलेला भाला

हे मी आजवर कोणालाही सांगितलेलं नाही. आईला नाही, चळवळीतल्या सोबत्यांना नाही, आणि ज्यांना सांगायला हवं होतं त्यांना तर नाहीच. मी पत्रकं लिहिणारा माणूस आहे — समोरच्याचं खोटं शोधायचं, जाड अक्षरात छापायचं, बाजाराच्या दिवशी वाटायचं. हेच करत आलोय. स्वतःचं खोटं कसं छापतात ते मला कोणी शिकवलं नाही. म्हणून साध्या अक्षरात लिहितो, तुम्ही समोर चहा घेत बसला आहात असं समजून.

आधीच सांगून टाकतो, सुरुवात एका व्हिडिओ गेमपासून आहे. हसायचं असेल तर हसून घ्या. मीही बरीच वर्षं हसण्यावारी नेलं. गेमच तर होता — त्यात काय एवढं?

यवतमाळला कॉलेजात होतो तेव्हाची गोष्ट. मी ढाणकीचा, सेवक दिग्रसकडच्या एका बंजारा तांड्यावरचा. एकच खोली, एकच स्टोव्ह, एकच बादली. मामाने वापरून टाकलेला कॉम्प्युटर माझ्याकडे होता, पण त्यावर तो गेम चालत नव्हता. त्याला ग्राफिक कार्ड लागायचं. ते सेवकने कुठूनसं जुनं मिळवून आणलं. म्हणजे एक बैल माझा, एक त्याचा. आमच्याकडे असे दोन शेतकरी सावड करतात. एकेक बैल आणून जोडी जुंपायची, आज तुझ्या वावरात, उद्या माझ्या. आम्ही गेमची सावड केली. आज तो खेळणार, उद्या मी. योद्धा एक, खेळ एक, पुढे नेणारे दोघं. सावडीत एक गोष्ट कोणी बोलून दाखवत नाही, कारण ती लहानपणापासून माहीत असते — दुसऱ्याचा बैल आपल्या ताब्यात असेल त्या दिवशी त्याला आपल्या बैलापेक्षा जास्त जपायचं.

गेम राक्षसांचा होता. पडके किल्ले, धुक्यातली जंगलं, आणि डोंगराच्या पोटात भट्टी पेटवून बसलेला एक लोहार. योद्ध्याकडे दोन हत्यारं होती. तलवार मी वाढवायची, भाला सेवकने, असं ठरलं होतं. वाढवायला राखेचे दगड लागत, आणि ते फार थोडे सापडत. हत्यार सहाव्या पायरीला आलं की लोहार विचारायचा — धार देऊ की कवच? धार घेतली तर घाव दुप्पट. कवच घेतलं तर योद्ध्यासोबत चालणाऱ्यांना मार कमी लागायचा. एकदा सांगितलं की बदलता येत नव्हतं. लोहाराकडे आणखी एक सोय होती. एक हत्यार भट्टीत वितळवून त्यातले दगड दुसऱ्या हत्याराला देता येत. वितळलेलं मात्र परत मिळत नसे.

यावरून आमची रोज जुंपायची. मी धारेच्या बाजूचा. सेवक कवचाच्या.

"तुले निरं मारनंच सुचते, प्रशिक्या," तो म्हणायचा. "संगतची ते औषधवाली म्हातारी मेली तं जखमा कोन बांधीन? तुहा मामा?"

"मंग राक्षसाले काय चहा पाजू?"

"पाज. तेवढ्यात म्हातारी पळून जाईन."

त्याने भाला पाचव्या पायरीपर्यंत आणला होता. कोणत्या किल्ल्यात किती दगड मिळाले, ते वहीच्या मागच्या पानावर लिहून ठेवायचा. इतकं नीट त्याने अर्थशास्त्राचंही कधी लिहिलं नाही.

मग ते फवारणीचं वर्ष आलं. पऱ्हाटी, म्हणजे कपाशी, माणसाच्या डोक्याएवढी उंच झाली होती, बोंडात अळी शिरली होती, आणि जो तो पाठीवर पंप घेऊन वावरात. औषध तोंडावर उलटून येत होतं. हातमोजे कोणी दिले होते? बाटलीवरची मुंगीएवढी अक्षरं कोणाला वाचता येणार होती? दोष मात्र फवारणाऱ्याच्याच माथी, म्हणे त्यानेच काळजी घेतली नाही — पण थांबतो. हे सगळं मी पत्रकांत लिहून झालंय. इथे मुद्दाम थांबतो, कारण रागावलो की स्वतःचं विसरायला मला फार सोपं जातं.

सेवकचा मोठा भाऊ परसराम फवारता फवारता बांधावर पडला. सेवक त्याला भिया म्हणायचा, बंजाऱ्यांच्या गोरबोलीत मोठ्या भावाला म्हणतात तसं. म्हणून मीही भियाच म्हणायचो. त्याला यवतमाळलाच मोठ्या दवाखान्यात आणलं. घरी म्हातारे आईबाप आणि भियाची ओली बाळंतीण बायको, म्हणजे सोबत राहायला सेवकच. त्याने पिशवीत एक चादर कोंबली, आणि दारातून वळून म्हणाला, "भाला मी येईलोक लोहाराकडं नेऊ नको."

मी म्हणालो, जा रे तू.

तिसऱ्या दिवशी दुपारी शेजारच्या खोलीतली पोरं गेम बघायला आली. पुलावर एक राखणदार राक्षस होता. मी त्याच्याकडून तीनदा मेलो. पोरं हसायला लागली. तलवार सहाव्या पायरीला अगदी थोडक्या दगडांसाठी अडली होती. मी योद्ध्याला लोहाराकडे नेलं आणि सेवकचा भाला भट्टीत टाकला. गेमने विचारलं, नक्की? परत विचारलं, नक्की? दोन्ही वेळा मी हो म्हटलं. तलवारीला धार घेतली, तिचं पातं पेटल्यासारखं लाल झालं, आणि राखणदार दोन घावांत पडला. पोरांनी पाठीवर थापा मारल्या. छान वाटलं. लपवण्यात काय अर्थ — फार छान वाटलं.

त्याच संध्याकाळी सेवकचा फोन आला. भिया शुद्धीवर आला होता, पण डोळ्यांवर पट्टी होती आणि दिवस सरत नव्हता. सेवकने त्याला आमच्या गेमची गोष्ट सांगायला घेतली होती. "स्पीकरवर टाकतो," तो हळूच म्हणाला, "पुढचं तू सांग." मग भियाचा आवाज आला. जड, एकेक शब्द उचलून ठेवल्यासारखा.

"त्या भाल्याले धार नोको देऊ, बापू. संगतच्या मानसाले वाचवते ना, ते दे."

त्या क्षणी खरं बोलायला काय लागलं असतं? एक वाक्य. चुकलं भिया, वितळवला. तो हसला असता, सेवकने दोन शिव्या दिल्या असत्या, संपलं असतं. मी म्हणालो — दगड पुरले, भिया. कवचच दिलं.

मग रोज संध्याकाळी फोन. रोज मी नसलेल्या भाल्याची लढाई सांगायचो. पूल कसा ओलांडला, औषधवाली म्हातारी दगडांच्या पावसातून भाल्याच्या आडोशाने कशी निघाली. मला ते जमत होतं. एकदा भिया हसला, आणि नर्सबाई मागून ओरडल्या की पेशंटला हसवू नका. त्या दिवशी मला स्वतःचं कौतुकही वाटलं. तुम्ही म्हणाल, यात वाईट काय? आजारी माणसाला बरं वाटलं. मीही असंच म्हणत आलो. पण पुढचं ऐका.

पाचव्या दिवशी सेवक म्हणाला, "एक दिवस तू बस इथं. मी खोलीवर येऊन आंग धुतो, दोन घंटे झोपतो. आन येतानी मोबाइलात भाल्याचा फोटो घेऊन ये. पट्टी काढली का भियाले तेच दाखवतो पहिले."

दवाखाना आमच्या खोलीपासून ऑटोने दहा मिनिटं. मी म्हणालो, उद्या येतो. उद्या चाचणी परीक्षा निघाली. परवा मला ताप आला — आला नव्हता. त्यानंतर काय सांगितलं ते आठवतही नाही. फोटो काढायला भाला नव्हता, म्हणून गेलो नाही. एवढं लिहून थांबलो तर तुम्हाला वाटेल, पोरवयातली लाज होती. तेवढंच नव्हतं. मला त्या वॉर्डची भीती वाटत होती. तिथला वास, तिथे बांधून ठेवलेली तडफडणारी माणसं, हे सेवक फोनवर सांगायचा, आणि मी गेमकडे विषय वळवायचो. भाला शाबूत असता तरी न जायला मी दुसरं काही शोधलं असतं. भाल्याने माझं काम सोपं केलं, इतकंच.

पट्टी काढली त्या दिवशी मी सगळा खेळच पुसून टाकला. सेवकला सांगितलं, लाइट गेली, झटका बसला, सगळं उडालं. तो म्हणाला, "जाऊ दे. भियाले गोष्ट तं ऐकवली ना आपन." आपण म्हणाला तो.

अकरा दिवस तो वॉर्डातल्या बाकावर एकटा बसला. भियाला एका डोळ्याने दिसायला लागलं, दुसऱ्याने धुरकट. तिथूनच दोघं तांड्यावर गेले. वावर बघायला कोणी नव्हतं, म्हणून सेवकने त्याच वर्षी कॉलेज सोडलं. त्याचं ग्राफिक कार्ड माझ्याच कॉम्प्युटरात राहिलं. तो मागायला आला नाही, मी द्यायला गेलो नाही.

आता खरं ते. इथवरचं सगळं यासाठीच होतं.

पुढे मी फवारणीत विषबाधा झालेल्यांसाठी लढणाऱ्या चळवळीत आलो. मुकुटबनला माझं पहिलं भाषण होतं. लोक उन्हात बसलेले, कोणी ऐकत नव्हतं, मागे बाया उठून चालल्या होत्या. आणि माझ्या तोंडून निघालं — मी त्या वॉर्डात अकरा दिवस बसलो होतो. सभा चिडीचूप झाली. उठलेल्या बाया परत बसल्या. मग मी सेवकने फोनवर सांगितलेलं सगळं सांगितलं, माझ्या डोळ्यांनी पाहिल्यासारखं. वास, दोऱ्या, बाकाखाली अंथरलेली चादर. पुढच्या सभेत परत सांगितलं. मग ते पत्रकात पहिल्या ओळीला आलं. मग सरकारी साहेबांच्या टेबलावर हात आपटून मी विचारायला लागलो, तुम्ही होता का तिथे? मी होतो! साहेब खाली बघायचे. किती साहेबांना मी असं खाली बघायला लावलं असेल? त्यांनी खोटे अहवाल लिहिले असतील, ते त्यांचं त्यांच्यापाशी. माझा अहवाल मी लिहिला होता, आणि तो खोटा होता. पत्रकाची पहिली ओळ खोटी आहे. मी तिथे एक तासही गेलो नव्हतो.

गेल्या हिवाळ्यात सेवकच्या तांड्यावर सभा ठरली. मी टाळायचा प्रयत्न केला, जमलं नाही. ते वाक्य आज बोलायचं नाही, एवढं ठरवून गेलो. पण ओळख करून देणाऱ्या कार्यकर्त्याने तेच पहिलं म्हटलं — अकरा दिवस वॉर्डात बसलेला आपला भाऊ. सेवक समोरच उभा होता, लोकांना पाणी देत. माझ्याकडे बघितलं नाही त्याने.

आणि भिया उठला. पांढऱ्या पडलेल्या डोळ्यावर हात धरून म्हणाला, "होता हा! मले दिसत नोतं, पन रोज सांजच्याले याचा आवाज माह्या उशापाशी ये. भाल्याची गोष्ट सांगे. मी म्हनलं धार नोको, तं आयकलं यानं माहं." लोकांनी टाळ्या वाजवल्या. भियाने येऊन मला मिठी मारली. त्याचा खरखरीत गाल माझ्या गालाला लागला. मी त्याच्या पाठीवर हात ठेवला. हो, ठेवला.

सभा संपल्यावर सेवक मला रस्त्यापर्यंत सोडायला आला. एसटी यायच्या दिशेला बघत म्हणाला, "भियाले मीच सांगतलं होतं, तू बाजूच्या बाकावर बसून हायेस म्हनून. फोन हाय म्हनलं असतं तं त्यानं विचारलं असतं, इतल्या जवळ राहून तो येत काहून नाही. मंग म्या काय सांगतलं असतं?"

चिडून नाही म्हणाला. खरंच विचारल्यासारखा म्हणाला.

गाडी आली. त्याने माझी पत्रकांची पिशवी आत चढवून दिली आणि म्हणाला, "खिडकी लावून बस, धूळ कमी लागते." मी बसलो. भाला मी वितळवला होता, लाइट गेली नव्हती, हे त्याला तेव्हाही सांगितलं नाही.