आजोबांचे ओठ

माझ्या वडिलांना, आमच्या दादांना, स्वतःच्या वडिलांचा चेहरा माहीत नव्हता. दादा पाळण्यात होते तेव्हाच आजोबा गेले, आणि फोटो काढायची ऐपत होती कुणाची? आजी सांगायची ती एकच खूण, डाव्या हाताची दोन बोटं गिरणीत अर्धी तुटलेली.

दोन वर्षांपूर्वी लेकीनं मोबाईलवर जुनी मुकी फिल्म दाखवली. सोलापूरची गिरणी, सूत, माग, आणि शेवटी सुट्टी झाल्यावर फाटकातून बाहेर पडणारे कामगार. त्यातला एकजण थांबतो, तसलाच अर्ध्या बोटांचा डावा हात वर करतो आणि सरळ आपल्याकडं बघून काहीतरी बोलतो. अशी बोटं गिरणीत कितीकांची असतील, मला कळतं की. पण दादांना सांगून बसले.

दादा अंथरुणात उठून बसले. "काय म्हणतोय?"

आता घ्या. मागांच्या खडखडाटात दादांनी तीस वर्षं काढली होती. तिथं शेजारच्याचं बोलणं ऐकू यायचं नाही, सगळे एकमेकांचे ओठ बघून ओळखायचे. दादांनी ते एका नजरेत सांगितलं असतं. पण काचबिंदूनं त्यांचे डोळे कधीच गेले होते. माझे डोळे धड, आणि मला ते येत नव्हतं. लहानपणी ते शिकवायला बसले होते. "मी काय मुकी हाय का?" म्हणून मीच फणकारून उठले होते.

मी ठोकून दिलं, "घरी चला म्हणतायत."

"गप. तुला येत न्हाय ते." मग चाचपत त्यांनी माझ्या तोंडावर बोटं ठेवली. "त्याचं बघ आन् तसंच हलव. आवाज नको."

फिल्म थांबवत, मागं नेत मी ओठ हलवत राहिले. "परत," ते म्हणायचे. अख्खी दुपार त्यात गेली. दर वेळी माझं काहीतरी वेगळंच व्हायचं. शेवटी त्यांनी हात काढून घेतला आणि भिंतीकडं तोंड करून निजले. चिडले असते तर बरं वाटलं असतं मला.

महिनाभरात दादा गेले. जायच्या दिवशी सकाळी त्यांचे ओठ हलत होते, आवाज फुटत नव्हता. माझ्याकडं तोंड करून तीनदा तेच बोलले. मी अगदी जवळ वाकून बघितलं. मला एक अक्षर कळलं नाही.