रानातून उचललेल्या पादुका

साठेखत खोटं आहे असं माझा चुलत दीर कोर्टात म्हणाला, तेव्हा मला रडू नाही, राग आला. त्याने म्हणे जमीन विकलीच नव्हती. हातउसने घेतले होते आणि वहिनीने तारण म्हणून सह्या घेतल्या होत्या. वहिनी म्हणजे मी.

आमचे हे सैन्यात. वाटणीत आमच्या पदरात नुसता माळ पडला, कुसळांशिवाय त्यात काही येत नाही. दिराचं रान पाटाच्या पाण्याखालचं. ते मिळालं नसतं तर निवृत्तीनंतर ह्यांना पुण्यात कुठल्यातरी सोसायटीच्या गेटवर शिट्टी घेऊन उभं राहावं लागलं असतं, आणि ते मी होऊ देणार नव्हते. दिराला तेव्हा मुलीला शिकायला पाठवायचं होतं. इसार दिला, साठेखत झालं, ताबा मिळाला, आम्ही ऊसही लावला. मग रस्ता रुंद होणार अशी बातमी आली, भाव वधारले आणि त्याची नियत फिरली. खरेदीच्या दिवशी मी बाकी रकमेची तयारी करून कोरेगावच्या रजिस्टर कचेरीत बसून राहिले. तो फिरकला नाही. मी दावा लावला.

साठेखताच्या दोन साक्षीदारांपैकी एक वारला होता. दुसरा दिराचाच मेहुणा, तो कुणाच्या बाजूने बोलला हे सांगायला नको. ताब्याचं विचारलं तर दिराचं उत्तर तयार होतं : रान वाट्याने कसायला दिलं होतं.

"ताई, सही त्यांची आहे हे आपण दाखवू," वकील म्हणाले. "पण ती विकायला केली, हे कसं दाखवायचं?"

"त्याला पादुकांचं विचारा," मी म्हटलं.

त्या रानात लिंबाखाली दिराच्या वडिलांच्या दगडी पादुका होत्या. आमच्याकडे बापाची राख रानात टाकतात आणि वर पादुका बसवतात. साठेखत झाल्यावर दीर बायकोला घेऊन आला, नारळ फोडला, पादुका दुधाने धुतल्या आणि नव्या उपरण्यात गुंडाळून डोक्यावरून घरी नेल्या. दुधाचा तांब्या मीच धरला होता.

उलटतपासणीत वकिलांनी विचारलं, "वडिलांच्या पादुका आता कुठं आहेत?"

"घरी."

"रानातून का हलवल्या?"

वाट्याने दिलेल्या रानातून बाप कुणी उचलून नेत नाही, हे कोर्टातल्या पट्टेवाल्यालाही ठाऊक होतं. चोरीची भीती होती, पाणी साचत होतं, काहीही सांगता आलं असतं. इतकं खोटं रेटून बोलणारा माणूस, पण बापाचं नाव आलं आणि त्याची जीभ खोट्याकडे वळेना.

"रान दिऊन टाकल्यावर आबांस्नी दुसऱ्याच्या दारात कसं ठिवायचं?" तो म्हणाला. न्यायाधीशांनी ते वाक्य जसंच्या तसं लिहून घ्यायला लावलं. मी मनात म्हटलं, भावजी, जिंकले मी.

निकाल आमच्या बाजूने लागला. खरेदीखत करून द्यायचा हुकूम झाला, तरी हा पठ्ठ्या हलेना. हुकुमाच्या अंमलबजावणीसाठी पुन्हा दरखास्त टाकली. तेव्हा कोर्टाने ठरवलं, हा येत नसेल तर कोर्टाचा कारकून याच्या वतीने सही करील. म्हटलं, करू दे, मला रानाशी मतलब.

त्या दिवशी आम्ही कचेरीत बसलो होतो. हे रजेवर आलेले. कारकून कागद चाळत होता, एवढ्यात दारात दीर उभा. अंगात इस्त्रीचा सदरा. आता हा काय नवीन काढतोय म्हणून मी पदर खोचला.

"वयनी," तो म्हणाला, "आबांनी कसलेलं रान कोर्टाचा कारकून दिणार व्हय? मी काय मेलोय?"

आणि त्याने हात पुढे केला. कोर्टात एकदाही न आलेलं रडू मला तिथे आलं. डोळे नंतर पुसले, आधी पेन त्याच्या हातात दिलं.