मुलुंडमध्ये घातलेलं गाऱ्हाणं

आई गेल्यावर बाबांना मुलुंडला आणलं. मी गावच्या घराला कुलूप लावत होतो, ते समोरच्या खळ्यात उभे होते. "झिला, थंय माका वळाखतलो कोण?" त्यांनी विचारलं. लिफ्ट आहे, खाली डॉक्टर आहे, असं काहीतरी मी सांगितलं.

बाबांना ओळख मिळावी म्हणून मीच सोसायटीत सांगत सुटलो : माझे वडील गोवा मुक्तीच्या लढ्यातले. पोर्तुगिजांचा अंमल होता तेव्हा आमच्या सीमेवरच्या गावातून तांदळाच्या टोपलीत पत्रकं लपवून पलीकडे न्यायचे. एकदा पकडले गेले, मार खाल्ला. सेक्रेटरी खूश. "यार, झकास! पंधरा ऑगस्टला काकाच बोलणार."

त्या सकाळी बाबांना जॅकेट चढवताना मी म्हणालो, "बाबा, मालवणी नको हं. शुद्ध बोला."

झेंडावंदनानंतर सोसायटीच्या अंगणात एका मुलीने विचारलं, "आजोबा, तुमच्याकडे गन होती का?" बाबा हसले. "गन खयची गो? टोपली होती." मुलं खिदळली. मग बाबांनी चपला काढल्या, हात जोडले आणि गावच्या देवळात घालतात तसं माईकवर गाऱ्हाणं घातलं.

"बा देवा म्हाराजा! माका मार सोसवलो नाय. जयराम लपलेलो ता घर मियाच दाखयलंय. त्येचो पाय कायमचो गेलो. ही चूक पोटात घाल रे म्हाराजा!"

आणि ते थांबले.

तुम्ही, गावात राहिलेले आणि माझ्यासारखे इकडे आलेले, जाणता की गाऱ्हाण्यात अशा वेळी जमलेल्यांनी 'व्हय म्हाराजा' म्हणायचं असतं. त्याशिवाय गाऱ्हाणं पोचत नाही. त्या अंगणात हे मला एकट्याला ठाऊक होतं. गावातल्या जयरामकाकांचं लंगडणं लहानपणापासून पाहिलेलं. त्यामागचं कारण मी आत्ता, शेजाऱ्यांसमोर ऐकत होतो. बाबा माझ्याकडे बघत होते. मला लाज वाटली, त्यांच्या चुकीची आणि, खरं सांगतो, त्यांच्या बोलीचीही. मी माईक घेतला. "बाबा दमलेत. भारत माता की..."

"जय!" मुलं ओरडली. टाळ्या पडल्या.

दुपारी ताटावर बसल्यावर मी हळूच म्हणालो, "व्हय म्हाराजा."

बाबांनी भात कालवणं थांबवलं. "आता घरात गपचूप म्हणान काय उपेग, झिला? चार लोकांत म्हणूक होया होता."

ते रागावले नाहीत. पण त्यानंतर त्यांनी लढ्याचं नाव काढलेलं नाही. मुलं विचारतात, तर म्हणतात, "विसरलंय."

घर म्हणजे काय, याचं उत्तर पूर्वी मी जागा आणि चौरस फूट यांत देत असे. आता वाटतं, आपली चूक कबूल केल्यावर जिथे कुणी 'व्हय' म्हणतं, ते घर. बाबांसाठी मुलुंडमध्ये तसा एकच माणूस होता, आणि तो गप्प राहिला.