स्टुलाची गोष्ट

माझी धाकटी बहीण एकवीस वर्षं लिफ्ट चालवते. अकरा मजल्यांची इमारत, सगळी ऑफिसं. तिथले जिने मी पुसते, म्हणजे हे सगळं माझ्या डोळ्यांदेखत झालंय. कुणी मला शिकवायला येऊ नये.

लिफ्टमध्ये एक स्टूल होतं. खेपा नसल्या की बाईसाहेब त्यावर बसून वहीत लिहायच्या. "काय खरडतेस एवढं?" मी विचारलं. "गोष्ट," म्हणाली. म्हटलं खूळ आहे, जाईल. कसलं जातंय. सहावी वही चालू असताना इमारतीच्या मालकांनी पाहिलं. "तुला पगार बटणं दाबायचा मिळतो," म्हणाले आणि त्याच दुपारी स्टूल उचलून नेलं.

दुसऱ्या दिवशी पाहते तर ही लिफ्टच्या भिंतीला वही लावून उभ्यानं लिहितेय. तसं लिहिताना बॉलपेनची शाई उतरत नाही, म्हणून पेन्सिल आणलेली. दहा-दहा तास उभी. पाय सुजून चपलेत मावायचे नाहीत. माझ्या तळपायाची आग मस्तकात जायची, आणि ही आपली शांतपणे पेन्सिलीला टोक काढायची. अशी चार वर्षं गेली.

पुस्तक निघालं. पहिल्याच कादंबरीला मोठा पुरस्कार. मग काय विचारता, मालकांच्या तोंडातून साखर सांडायला लागली. त्यांनी तिला टाइप केलेला कागद दिला, समारंभात वाचायला. 'मालकांनी लिहायला मोकळीक दिली, त्यांचे उपकार फिटणार नाहीत.' वर म्हणाले, "वाचलं नाहीस तर सोमवारपासून यायचं नाही."

मी तिच्या पाया पडायचीच बाकी राहिले. "वाच गं बाई. दोन ओळींनी काय झिजणार आहे तुझं?"

"चार वर्षं झिजले ते कुणाचे पाय होते, ताई?"

सभागृहात मालक पहिल्या रांगेत. तिनं कागदाची घडी उघडली तेव्हा मला वाटलं, वाचतेय बहुतेक. देवा, वाचू दे, असंच म्हटलं मी मनात. खोटं कशाला सांगू.

"आमच्या मालकांनी माझं स्टूल काढून घेतलं," ती म्हणाली. "म्हणून ही कादंबरी मी उभ्यानं लिहिली. तुम्ही बसून वाचा."

मग ज्या टाळ्या पडल्या. मालकांनीही वाजवल्या. करतात काय, फोटोवाले समोर होते.

सोमवारी ती रोजच्या वेळेला कामावर हजर. तिला काढायची आता कुणाची छाती नव्हती, सगळं पेपरात आलेलं. लिफ्टमध्ये नवंकोरं स्टूल, वर मऊ गादी. तिनं ते उचललं आणि पहिल्या मजल्यावर, मी जिना पुसत होते तिथं आणून ठेवलं. "तू बस. गुडघे दुखतात ना तुझे." आणि गेली परत, भिंतीला वही लावून उभी राहायला.

मी फडकं बादलीत टाकलं आणि बसले. इतक्या वर्षांत कामावर पहिल्यांदा. तेवढ्यात मालक जिन्यावरून खाली आले. माझ्याकडे बघत थांबले.

मी उठले नाही.